बिनविरोध गावाचा हिवाळा

यंदा ज्वारी चांगली निसवली आहे. फाट्यावर एस.टी.तून उतरलं की रस्त्याच्या दोन्ही अंगांना कणसंच कणसं, बांधाला करडईचं काटेरी कुंपण, आणि हरभऱ्याच्या वावरातून चाललं तर पायाला पानांवरची आंबट-खारी आंब लागते. अशा दिवसांत माणसानं खुशीत असावं, हुरड्याच्या गप्पा माराव्यात. माझं मात्र हुरड्यात मन लागत नाही. आमच्या ग्रामपंचायतीची निवडणूक याच दिवसांत येते, आणि ती आली की मला तो एक हिवाळा आठवतो.

येत्या रविवारी पुन्हा मतदान आहे. मी गावी आले आहे. अण्णा, म्हणजे माझे वडील, खाटेवर उशीला टेकून टीव्ही बघत आहेत. त्यांना आता कमी ऐकू येतं, म्हणून त्यांचा मोबाइल स्टीलच्या पेल्यात उभा ठेवलेला असतो. पेल्यात ठेवला की आवाज मोठा येतो. सकाळपासून तो वाजलेला नाही. तो वाजणार हे मला ठाऊक आहे, कुणाचा फोन असणार हेही ठाऊक आहे, आणि अण्णा काय बोलतील ते मात्र ठाऊक नाही. टीव्हीवर लागलीय ती तीच मालिका, त्या हिवाळ्यातली. पुन्हा दाखवायलेत.

मालिका एका दूरच्या देशाची. त्या देशाचं नाव आमच्या घरात कुणाच्या जिभेवर बसलं नाही, सगळे ‘त्यो देश’ म्हणायचे, म्हणून मीही तसंच म्हणते. त्या देशावर कित्येक वर्षं लष्कराचं राज्य होतं. विरोधातला पुढारी तुरुंगात म्हातारा झाला. मग एके दिवशी सेनापती आणि तो पुढारी एका लांबलचक टेबलाला समोरासमोर बसले आणि राज्य कसं सोडायचं, मतदान कसं घ्यायचं, यावर बोलायला लागले. लढाई नाही, पाठलाग नाही. माणसं खोलीत बसून बोलतात, एवढंच. तरी बघताना जीव टांगणीला लागायचा, कारण बाहेर रस्त्यावर रणगाडे उभे असायचे आणि दर भागाच्या शेवटी कुणी ना कुणी खुर्चीवरून ताडकन उठायचं.

त्या हिवाळ्यात आईच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं होतं. मी परभणीला शाळेत इतिहास शिकवते; दर शनिवारी शाळा सुटली की गंगाखेडची गाडी धरून गावी यायची. रविवारी सकाळी मालिका असायची, हिंदीतून. अण्णांची हिंदी दखनी वळणाची, पण कान पक्का. पहिला भाग बघून ते मिशीत हसले.

“ह्ये लोक आता शिकायलेत,” म्हणाले. “बसून फैसला करायचा, भांडायचं न्हाई. आपल्या गावात ह्यो दस्तूर लय जुना हाय.”

हे मात्र खरं होतं. आमच्या गावात सरपंचासाठी कधी मत पडलंच नव्हतं. विधानसभेला पडायचं, लोकसभेला पडायचं, पण गावाचा कारभारी मतानं निवडायचा म्हणजे गावाची इज्जत गेली, असं समजलं जायचं. निवडणूक जाहीर झाली की खंडोबाच्या देवळात बैठक बसे. नावं ठरत. ताटात भंडारा ठेवलेला असे. बसलेला प्रत्येक जण तो चिमूटभर उचलून कपाळाला लावी आणि शब्द पक्का होई. बाकीचे अर्ज मागं घेतले जात. फाट्यावर अण्णांनी हौसेनं पाटी लावून घेतली होती: बिनविरोध गाव. येणाऱ्या पाहुण्याला ते आधी ती पाटी दाखवत आणि मग पाणी विचारत.

एक गोष्ट पाटीवर लिहिलेली नव्हती. ही बैठक भरायची तेव्हा निम्मं गाव गावात नसायचं. गावाखालच्या वाडीतली सगळी घरं दिवाळी झाली की ऊस तोडायला जातात, ती उन्हं तापल्यावर परत येतात. त्यांचं काय? त्यांचीही सोय होती. बैठक झाली की उरलेला भंडारा कागदाच्या छोट्या छोट्या पुड्यांत बांधायचा, घरटी एक. वाडी परतली की दारोदार पुडी पोचवायची. म्हणायचं, तुमचाही हात लागला असं समजा. त्या पुडीवरूनच त्यांना कळायचं की सरपंच बदलला. लहानपणी पुड्या बांधायचं काम आम्हा पोरींचं. बोटं पिवळी व्हायची, मजा यायची. कुणालाच त्यात काही वावगं दिसत नव्हतं. वाडीलाही दिसत नसावं, अशी आमची समजूत.

त्या वर्षी सरपंचपद बाईसाठी राखीव आलं. अण्णांनी माझ्या वहिनीचं, सुनीताचं नाव ठरवलं. सुनीतावहिनी हुशार, बोलायला गोड, नाव ठेवायला जागा नाही. बैठक व्हायची तेवढी बाकी होती. आणि अर्ज भरायच्या शेवटच्या दिवशी वाडीची कौसाबाई उसाच्या फडातून एकटी एस.टी.नं आली, गंगाखेडला तहसीलमध्ये अर्ज भरला, आणि गावात पाऊलही न टाकता आल्या वाटेनं परत फडावर गेली.

कौसाबाई चौथीपर्यंत माझ्या वर्गात होती. दिवाळीनंतर तिची जागा रिकामी व्हायची, ती आम्हा सगळ्यांना ठाऊक असायची. पुढं तिचं शिक्षण सुटलं, लग्न वाडीतच झालं, कोयता हातात आला. अण्णांना अर्जाची बातमी कळली तेव्हा ते जेवत होते. भाकरीचा तुकडा तसाच ठेवून त्यांनी हात धुतला. “पोर बहकली कुनाच्या तरी नादानं. बोलू,” म्हणाले. आवाज शांत होता, पण हात पुसायला घेतलेला टॉवेल त्यांनी दोनदा घडी केला.

ती बैठक मी देवळाच्या बाहेरच्या कट्ट्यावरून पाहिली. अण्णांनी यंदा माणसांना गोलात बसवलं होतं, टीव्हीतल्यासारखं. मधोमध भंडाऱ्याचं ताट, आणि ताटाशेजारी स्टीलच्या पेल्यात मोबाइल. समोरच्या पक्षाची खुर्ची म्हणजे तो पेला. मला हसू आलं, आणि लगेच गेलंही, कारण पेल्यातून उसावर कोयता पडल्याचा खाडखाड आवाज यायला लागला.

“कौसा,” अण्णा पेल्याकडं वाकून म्हणाले, “गावाचं एकमत झालंय माय. सुनीताचं नाव ठरलंय. तुला मेंबर करू. अर्ज काढून घे.”

“गाव म्हंजी कोन कोन बसलंय, अण्णा?”

“सगळे हायत.”

“वाडीतलं कोन हाय?”

माणसं एकमेकांकडं बघायला लागली. मग माझा भाऊ, सुनीतावहिनीचा नवरा दत्ता म्हणाला, “वाडी तर समदी तुझ्याकडंच हाय की.”

“मंग निम्म्याचंच एकमत झालं ह्ये.”

“दस्तूर हाय गावाचा,” अण्णांचा आवाज चढला. “तुमची पुडी ठिवतोच की आमी!”

“पुडी नगं, अण्णा. औंदा हात लावू द्या.”

आणि फोन बंद पडला. रेंज गेली की तिनं ठेवला, ते शेवटपर्यंत कळलं नाही. पुन्हा लावला तर लागेना. एवढी माणसं गोलात बसून एका रिकाम्या पेल्याकडं बघत होती. भंडारा त्या दिवशी कुणीच उचलला नाही. तसं पूर्वी कधी घडलं नव्हतं.

दुसऱ्या दिवशी रविवार. मालिकेत बोलणी फिसकटली. पुढारी कागद आवरून निघून गेला आणि कॅमेरा त्याच्या रिकाम्या खुर्चीवर थांबला. अण्णा म्हणाले, “उठून जायाचं न्हवतं.” मी विचारलं, कुणी? ते चिडले. “कुनीबी!” घरात त्या दिवसापासून जो तो जपून बोलायला लागला. वहिनी भाकऱ्या थापताना हळू थापायची. मला अण्णांचा राग येत होता, आणि त्यांची कीवही येत होती. आयुष्यभर आपण पुढाऱ्याच्या बाजूला बसलोय असं समजणाऱ्या माणसाला आपली खुर्ची टेबलाच्या दुसऱ्या बाजूला आहे, हे मी कोणत्या तोंडानं सांगणार होते?

अर्ज मागं घ्यायच्या दिवशी मी रजा टाकली आणि अण्णांबरोबर गंगाखेडला गेले. तीन वाजेपर्यंत मुदत. अण्णांना खात्री होती, ती येईल. ती आलीही. तहसीलच्या आवारात लिंबाच्या झाडाखाली दोन बाकडी आहेत; एका बाकड्यावर आम्ही होतो, दुसऱ्यावर येऊन ती बसली. अंगावर पुरुषी शर्ट, त्यावर पदर, हातांवर उसाच्या पात्यानं काढलेल्या रेघा. अण्णा आनंदानं अर्धे उठले.

“आलीस. चल, सही कर.”

“सही करायला न्हाई आले, अण्णा.”

“मंग?”

“माह्या नावानं दुसऱ्या कुनी अर्ज काढू नये म्हनून बसायला आले.”

अण्णांचा चेहरा उतरला. तसं कुणी करणार नव्हतं, निदान मला तसं वाटतं. पण तिला तसं वाटलं, आणि त्यासाठी ती एवढ्या लांबून एक दिवसाची तोड बुडवून आली, हे अण्णांना थोबाडीत बसल्यासारखं लागलं. मग दोघंही बसून राहिले. चहावाला येऊन गेला. अण्णांनी तिच्यासाठीही चहा सांगितला, तिनं घेतला. अण्णा घड्याळाकडं बघायचे, ती कचेरीच्या दाराकडं. मी दोघांकडं. एवढी लांब दुपार मी उभ्या जन्मात पाहिली नाही. आत साहेबांनी रजिस्टर मिटल्याचं शिपायानं येऊन सांगितलं, तशी ती उठली. “येते, अण्णा,” म्हणाली, आणि पदर खोचून स्टँडकडं चालायला लागली.

गावात मत पडणार, हे आता ठरलं होतं. फाट्यावरच्या पाटीखालून येताना अण्णांनी मान वर केली नाही.

खरी परीक्षा पुढंच होती. मतदान रविवारी, आणि वाडी फडावर. कारखान्याचा हंगाम कुणासाठी थांबत नाही. टोळीला सुट्टी द्यायची की नाही ते मुकादमाच्या हातात, आणि मुकादम आमच्याच गावचा, अण्णांच्या शब्दाबाहेर नसलेला. दत्ता आठवडाभर एकच गोष्ट लावून धरत होता. “अण्णा, एक फोन करा. इतवारी तोड चालू ठिव म्हना. बास. वाडी आली न्हाई तर सुनीता बसल्याजागी निवडून येती.” त्याच्या बोलण्यात खोट काढता येत नव्हती. कुणाला अडवायचं नव्हतं, धमकवायचं नव्हतं. काम चालू ठेवायचं, एवढंच. कुणाला कळलंही नसतं.

मतदानाच्या आधीच्या रविवारचा भाग मी विसरू शकत नाही. बोलणी पुरी झालेली, मतदानाची तारीख ठरलेली, आणि सेनापती आपल्या कचेरीत एकटा. टेबलावर काळा फोन. छावण्यांमध्ये सैन्य तयार आहे, एक हुकूम गेला की सगळं पुन्हा पहिल्यासारखं. निवेदकाचा आवाज थांबतो. सेनापती फोनकडं बघतो. भाग संपला.

मी टीव्ही बघतच नव्हते. मी अण्णांकडं बघत होते, आणि अण्णा पेल्यातल्या मोबाइलकडं.

“पुढं काय केलं त्यानं?” त्यांनी विचारलं.

मी इतिहास शिकवते. मला ठाऊक होतं. ओठांवर आलेलं मी गिळलं. “पुढच्या रविवारी बघा ना.”

“पुढल्या इतवारी मतदान हाय, माय.”

दत्ता दाराशी उभा होता. मला भीती वाटत होती, अगदी साधी, लहानपणी अण्णा रागावणार असले की वाटायची तशी. त्यांनी तो फोन उचलला असता तर मी त्यांच्याशी काय बोलले असते, पुन्हा या घरी कशी आले असते, मला सुचत नव्हतं. तेव्हा खाटेवरून, पाय लांब करून पडलेली आई बोलली. आई अशा गोष्टींत कधी बोलत नसे.

“करा फोन. पन वाडीवाचून जिकायचं असंल तर मला मत टाकायला उचलून नेऊ नगा. पायाला तरास कामून द्यायचा?”

अण्णांनी टीव्ही बंद केला. मग मोबाइल पेल्यातून काढला आणि खिशात घातला. “दत्ता, गाडी काढ,” म्हणाले. “फडावर जायचंय.”

मीही गेले. दुपार कलताना पोचलो. उसाच्या कापलेल्या रानात पाचटाच्या कोपी, ओळीनं. कोपीचं दार एवढं ठेंगणं की आत जायला अण्णांना कमरेत वाकावं लागलं. सरळ ताठ चालणारा माणूस. मी त्यांना देवळाखेरीज कुठं वाकलेलं पाहिलं नव्हतं. कौसाबाईनं पोतं अंथरलं, चुलीवर चहा ठेवला. हळूहळू वाडीची माणसं कोयते घेऊन जमली. अण्णा बोलायला उभे राहिले आणि त्यांना शब्द सापडेनात. त्यांनी आयुष्यात कधी मत मागितलंच नव्हतं.

“म्या,” ते म्हणाले, “सुनीतासाठी मत मागायला आलोय.” आणि बसले.

एक म्हातारी फिस्सकन हसली. मग सगळेच हसले, कौसाबाईसुद्धा, आणि अण्णा ओशाळून मिशीवरून हात फिरवत राहिले. जाताना त्यांनी मुकादमाला बाजूला घेतलं. “इतवारी तोड बंद. समदी वाडी गावात पाहिजे,” असं दरडावून सांगितलं. लोकशाहीसुद्धा त्यांनी हुकूम सोडूनच आणली. सवय कुठं जाते!

मतदानाच्या दिवशी सकाळभर वाडी आली नाही. गावातल्यांची मतं पडून गेली. आईला खुर्चीवर बसवून नेलं. अण्णांनी तिला दबक्या आवाजात विचारलं, कुनाला? ती म्हणाली, “ते सांगायचं नसतंय.” अण्णा मात्र मत न टाकता फाट्यावर जाऊन उभे राहिले. लोक म्हणायला लागले, म्हाताऱ्यानं डाव साधला, वरून मत मागितलं आणि आतून गाड्या अडवल्या. ते त्यांच्या कानावर जात होतं. ऊन कललं. मी त्यांच्याजवळ गेले तर म्हणाले, “मुकादमानं उलटं समजून घेतलं असंल का गं?” आयुष्यभर आडून बोललेल्या माणसाचं सरळ बोलणंही कुणी आडूनच ऐकेल, ही धास्ती त्यांच्या तोंडावर स्पष्ट दिसत होती. मलाही तीच धास्ती होती.

मग रस्त्यावर धुरळा दिसला. दोन ट्रॅक्टर, मागं उसाच्या ट्रॉल्या, आणि ट्रॉल्यांत उभी सगळी वाडी. एक टायर फुटला होता, म्हणून उशीर. माणसं पाचटाचे कण अंगावर घेऊनच शाळेसमोर रांगेत लागली. रांग शाळेच्या फाटकाबाहेर गेली, पार हातपंपापर्यंत. तिच्या अगदी शेवटी अण्णा उभे राहिले.

दुसऱ्या दिवशी गंगाखेडला मोजणी झाली. सुनीतावहिनी निवडून आली, थोडक्या मतांनी. संध्याकाळी देवळात गर्दी झाली. अण्णा भंडाऱ्याचं ताट घेऊन पायरीवर उभे होते आणि येईल त्याच्या कपाळाला लावत होते. कौसाबाई फडावर परत जायच्या आधी तिथं आली. गर्दी जरा मागं सरली. अण्णांच्या चेहऱ्यावर जिंकल्याचं तेज होतं, आणि त्यांना राहवलं नाही.

“बग कौसा. एवढा बखेडा केलास, निकाल तर त्योच लागला.”

कौसाबाईनं ताटातला भंडारा आपल्या हातानं घेतला, आपल्या हातानं कपाळाला लावला.

“निकाल त्योच हाय, अण्णा. पन औंदा तुमी माह्या दारात आलता.”

अण्णांनी हातातल्या ताटाकडं पाहिलं. ताटात बराच भंडारा उरला होता. पुड्या बांधायला कागद आणलेला होता. तो त्यांनी मला परत घरी न्यायला सांगितला. फाट्यावरची पाटी पुढच्या पावसाळ्यात गंजली आणि कुणी ती पुन्हा रंगवली नाही.

आणि आज हा पेल्यातला फोन. मधे एवढी वर्षं गेली, वहिनीचं सरपंचपद संपलं, आई गेली. कौसाबाई पुन्हा उभी आहे, या वेळी समोर दत्ताची सून आहे. अण्णा थकले आहेत, फडावर जाणं आता त्यांच्यानं होत नाही. टीव्हीवर तो सेनापती पुन्हा काळ्या फोनकडं बघत बसला आहे, आणि पुढचा भाग या वेळी लगेच लागला. त्या हिवाळ्यात तो अण्णांचा बघायचा राहून गेला होता.

“न्हाईच उचलला की त्यानं,” अण्णा पुटपुटले.

जाहिराती सुरू झाल्या आणि पेला खणखणला. अण्णांनी बोट लावून फोन घेतला. मुकादमाचा आवाज खोलीभर घुमला. “अण्णा, इतवारी गाड्या सोडू का ठिवू? तुमी म्हनाल तसं.”

दत्ता स्वयंपाकघराच्या दारात येऊन थांबला होता. अण्णा पेल्याकडं वाकले, आणि तुरीत गुरं घुसल्यावर ओरडावं तसे मोठ्यांदा ओरडले, “अरे, मला कामून इचारायलास? मत त्यांचं हाय, त्यास्नी इचार!”